गणितज्ञ विदुषी सोफिया कोव्हालेव्हस्काया

गणित म्हटलें कीं आपल्यापैकीं पुष्कळांच्या पोटांत गोळा उठतो. जो गणितांत हुशार त्याला काव्याची गोडी नसावयाची, आणि जो निबंध सुंदर लिहितो त्याचा त्रैराशिकांत हटकून गोंधळ व्हावयाचा, असा एक समज शाळाशाळांतून रूढ होऊन बसला आहे. जणूं ह्या दोन विद्या एकमेकींच्या सवती असून एकीच्या घरीं पाऊल टाकलें कीं दुसरीनें रुसून बसलेंच पाहिजे! हा समज कितपत खरा आहे हें पाहण्यासाठीं आम्ही आज एका विदुषीचें चरित्र वाचकांपुढें ठेवीत आहों. गणिताच्या ग्रंथांत तिचें नांव ऑयलर व लाग्रांज ह्या थोर पुरुषांच्या शेजारीं घेतलें जातें, आणि तिनें लिहिलेल्या बालपणाच्या आठवणी रशियन वाङ्मयांत मानाचें स्थान मिळवून बसल्या आहेत. तिचें नांव सोफिया कोव्हालेव्हस्काया. तिला आयुष्य लाभलें अवघें एकेचाळीस वर्षांचें. आणि त्यांतील बहुतेक काळ बंद दारांपुढें उभें राहण्यांत गेला. तीं दारें तिनें कशीं उघडलीं व त्यासाठीं तिला काय सोसावें लागलें, हें सांगण्याचा आमचा हेतु आहे.

सोफियाचा जन्म मॉस्को शहरीं १५ जानेवारी १८५० रोजीं झाला. तिचे वडील व्हॅसिली कोर्व्हिन-क्रुकोव्हस्की हे रशियन तोफखान्यांत जनरलच्या हुद्द्यापर्यंत चढलेले करारी गृहस्थ होते. आईचे आजोबा शूबर्ट हे नांवाजलेले ज्योतिर्विद् होऊन गेले होते. थोरली बहीण ॲना ही रूपानें व बुद्धीनें घरांत सर्वांची लाडकी; धाकटा भाऊ फ्योडर हा वंशाचा दिवा; आणि ह्या दोघांच्या मधली सोफिया ही आपण आईबापांना नकोशी आहों अशा समजुतीनें आंतल्या आंत कुढणारी. ही समजूत सर्वस्वी खरी होती असें नाहीं. परंतु लहानपणीं मनाला लागलेलें शल्य लवकर निघत नाहीं. कोणाचें तरी संपूर्ण प्रेम आपणांस मिळावें ही तिची तहान तेव्हांपासूनची होय, व ती शेवटपर्यंत भागली नाहीं.

१८५८ च्या सुमारास वडिलांनीं नोकरी सोडली आणि सर्व कुटुंब पालिबिनो नांवाच्या त्यांच्या जहागिरीच्या गांवीं राहावयास गेलें. येथेंच ती सुप्रसिद्ध गोष्ट घडली. जुना वाडा नीटनेटका करण्यासाठीं भिंतींना चिकटवावयाचा रंगीत कागद राजधानीहून मागविला होता. पण हिशेब चुकला व मुलांच्या एका खोलीपुरता कागद कमी पडला. एवढ्याशा कागदासाठीं पुनः शेंकडों मैल माणूस कोण पाठविणार? घरांत शोधाशोध करतां जनरलसाहेबांच्या तरुणपणचे कांहीं छापील कागद सांपडले, तेच त्या खोलीच्या भिंतींना चिकटविण्यांत आले. ते कागद म्हणजे ऑस्ट्रोग्राड्स्की ह्या विख्यात रशियन गणित्यानें कॅल्क्युलसवर दिलेलीं व्याख्यानें होतीं!

इतर कोणा मुलानें त्या भिंतीकडे ढुंकूनही पाहिलें नसतें. सोफिया मात्र त्या अगम्य चिन्हांपुढें तासचे तास उभी राही. कोणता कागद कोणत्या कागदानंतरचा असावा, एखादें वाक्य कोठें संपून कोठें सुरू होत असावें, ह्याचा ती माग काढी. अर्थ एका अक्षराचाही कळत नव्हता. पण चिन्हांच्या आकृति मनावर ठसत गेल्या. पुढें कांहीं वर्षांनीं पीटर्सबर्ग येथें स्ट्रानोल्युब्स्की नांवाच्या शिक्षकांनीं तिला हा विषय शिकविण्यास आरंभ केला, तेव्हां ती तो इतक्या चटकन् आत्मसात् करूं लागली कीं हें सारें तिला पूर्वींच ठाऊक असावें असें त्या शिक्षकांस वाटलें. एका अर्थीं तें ठाऊक होतेंही. भिंतीवरची ओळख जुनीच होती. आतां तिच्याशीं बोलणें सुरू झालें इतकेंच.

मधल्या काळांत मात्र तिचा मार्ग सुखाचा नव्हता. तिचे चुलते प्योटर हे वाचनवेडे गृहस्थ. वर्तुळाच्या क्षेत्रफळाइतकाच चौरस काढण्याचें कोडें, किंवा वक्ररेषेच्या सारखी जवळ जवळ जाऊनही तिला कधींच न भेटणारी सरळ रेषा, अशा गोष्टी ते पुतणीला परीकथांप्रमाणें सांगत. मुलीचा गणिताकडे ओढा फार वाढला असें पाहून वडिलांनीं तें शिकणें बंद केलें. तेव्हां सोफियानें बूर्दों ह्या फ्रेंच ग्रंथकाराचें बीजगणित मिळविलें, आणि इंग्रज शिक्षिकेचा डोळा चुकवून घर निजल्यावर ती तें रात्रीं वाचूं लागली.

पुढें शेजारच्या जहागिरीचे धनी प्रोफेसर तिर्तोव्ह ह्यांनीं आपलें पदार्थविज्ञानाचें पुस्तक भेट म्हणून दिलें. प्रकाशाच्या प्रकरणांत सोफियाला 'साइन' हा शब्द भेटला. त्रिकोणमिति तिला कोणी शिकविली नव्हती. शिक्षकांना विचारलें, तर तेही निरुत्तर झाले. मग तिनें स्वतःच विचार केला, आणि कोन लहान असला तर वर्तुळाची जीवा घेऊन काम भागतें असें तिला आढळून आलें. ज्या वाटेनें ही विद्या प्राचीन काळीं वाढली तीच ही वाट होय. आपल्या इकडील ज्योतिषीही जीवेवरूनच अर्धजीवेकडे आले होते, व 'साइन' हा शब्ददेखील संस्कृत 'जीवा' शब्दाच्या अरबी व लॅटिन रूपांतरांतूनच निघालेला आहे. एका खेड्यांतील मुलीनें शास्त्राचा हा टप्पा एकटीनें ओलांडलेला पाहून तिर्तोव्ह थक्क झाले, आणि अशा मुलीला शिकविलें नाहीं तर मोठा अन्याय होईल असें त्यांनीं जनरलसाहेबांना निक्षून सांगितलें. वडिलांचें मन वळावयास वेळ लागला, पण वळलें.

ह्याच सुमारास त्या घरांत साहित्याचाही प्रवेश झाला, आणि तोही चोरपावलांनीं. ॲनानें गुप्तपणें एक कथा लिहून सुप्रसिद्ध कादंबरीकार दोस्तोयेव्हस्की ह्यांच्या मासिकाकडे धाडली, आणि १८६४ साली ती छापून आली. वडिलांना ही बातमी कळली तेव्हां घरांत मोठें वादळ झालें. परंतु कथा स्वतः ऐकल्यावर त्यांचा राग निवळला. पुढें दोस्तोयेव्हस्की ह्यांचें पीटर्सबर्ग येथें ह्या कुटुंबाकडे येणेंजाणें सुरू झालें. त्यांनीं ॲनाला मागणी घातली, तिनें ती नाकारली. आणि पंधरा वर्षांची सोफिया मात्र मनांतल्या मनांत त्यांचीच पूजा करीत राहिली. हें सारें तिनें पुढें आपल्या आठवणींत कांहीं न लपवितां लिहून ठेविलें आहे.

येथपर्यंत घराचीं दारें उघडलीं. आतां देशाचीं दारें आडवीं आलीं. रशियांतील विद्यापीठें त्या काळीं स्त्रियांना बंद होतीं. परदेशीं जावें तर अविवाहित मुलीला पित्याच्या संमतीवांचून प्रवासाची परवानगी मिळत नसे, आणि मुलीला एकटीला धाडण्यास पिता राजी नव्हता. तेव्हां त्या पिढींतील तरुणतरुणींनीं एक विलक्षण तोड काढली होती. एखाद्या उदार मनाच्या तरुणानें केवळ नांवापुरता विवाह करावयाचा व मुलीला शिक्षणासाठीं मोकळें करावयाचें. व्हॅलदिमिर कोव्हालेव्हस्की हा असाच एक तरुण होता. डार्विनचे ग्रंथ रशियन भाषेंत आणून प्रसिद्ध करण्याचें काम त्यानें केलें होतें. वडील ह्या विवाहास संमति देईनात, तेव्हां एके दिवशीं घरीं पाहुणे जेवावयास येण्याच्या वेळींच सोफिया एक चिठ्ठी ठेवून कोव्हालेव्हस्कीच्या बिऱ्हाडीं जाऊन बसली. चारचौघांत शोभा नको म्हणून जनरलसाहेबांना वाङ्‌निश्चय जाहीर करावा लागला! १८६८ साली विवाह झाला. ही युक्ति योग्य होती असें आम्ही म्हणत नाहीं. सरळ दार बंद असलें म्हणजे माणसाला खिडकींतून शिरावें लागतें, आणि खिडकींतून शिरणाऱ्याच्या अंगाला ओरखडे निघाल्याशिवाय राहत नाहींत.

१८६९ साली सोफियाबाई—आतां त्यांना असेंच म्हणावयास हवें—जर्मनींतील हायडेलबर्ग येथें पोंचल्या. तेथेंही स्त्रियांना रीतसर प्रवेश नव्हता. ज्या अध्यापकाची व्याख्यानें ऐकावयाचीं त्याची स्वतंत्र परवानगी मागावी लागे. अशा परवानग्या मिळवून त्यांनीं किर्खोफ, हेल्महोल्ट्झ, केनिग्सबर्गर ह्यांचीं व्याख्यानें ऐकलीं. १८७० साली त्या बर्लिन येथें वायरश्ट्रास ह्या युरोपांतील अग्रगण्य गणितज्ञांकडे गेल्या. पंचावन्न वर्षांच्या ह्या ब्रह्मचारी अध्यापकांनीं, बहुधा ही पीडा टळावी म्हणून, कांहीं अवघड प्रश्न घालून त्यांना वाटेस लाविलें. आठवड्याभरांत बाई उत्तरें घेऊन हजर! उत्तरें नुसतीं बरोबर नव्हतीं. त्यांत स्वतंत्र बुद्धीची चमक होती. वायरश्ट्रास ह्यांनीं त्यांना वर्गांत घेण्याविषयीं विद्यापीठाकडे रदबदली केली, पण ती फुकट गेली. तेव्हां त्यांनीं बाईंना घरीं शिकविण्यास आरंभ केला, आणि चार वर्षें एक कवडीही न घेतां शिकविलें. जें वर्गांत सांगितलें तेंच ते आठवड्यांतून दोनदां ह्या एका विद्यार्थिनीला पुनः सांगत. गुरुशिष्यांचा हा स्नेह मरणापर्यंत टिकला. बाई वारल्यावर म्हाताऱ्या गुरूनें त्यांचीं आलेलीं सर्व पत्रें अग्नीच्या स्वाधीन केलीं.

ह्या चार वर्षांत बाईंनीं तीन प्रबंध सिद्ध केले. पहिला विशिष्ट प्रकारच्या कलन-समीकरणांना उत्तर असतें केव्हां व तें एकच असतें कां, ह्या मूलभूत प्रश्नावर होता. त्यांतील सिद्धांत कोशी-कोव्हालेव्हस्काया ह्या जोडनांवानें आजही जगभर शिकविला जातो. दुसरा आबेलीय संकलांविषयींचा. तिसरा शनीच्या कड्याविषयींचा: तें कडें आडवें छेदलें असतां छेदाचा आकार लाप्लासनें धरल्याप्रमाणें दीर्घवर्तुळ नसून अंड्यासारखा, एकाच अक्षाभोंवतीं सारखा, येतो असें त्यांनीं दाखविलें. हे प्रबंध पाहून गटिंगेन विद्यापीठानें १८७४ साली त्यांना तोंडी परीक्षेवांचून व सर्वोच्च श्रेणींत डॉक्टरची पदवी दिली. आधुनिक काळांत गणितांतील ही पदवी मिळविणाऱ्या त्या युरोपांतील पहिल्याच स्त्री होत.

पदवी घेऊन बाई मायदेशीं परतल्या. आतां तरी दार उघडेल असें कोणासही वाटलें असतें! परंतु पुरुषांच्या विद्यापीठांत जागा नाहीं, आणि फार तर मुलींच्या शाळेंत खालच्या वर्गांना अंकगणित शिकवावें, एवढेंच त्यांच्या वांट्याला येत होतें. आपण पाढ्यांत कच्च्या आहों असें हंसत हंसत, पण दुखावलेल्या मनानें, सांगून त्यांनीं तो विषय संपविला. पुढचीं कांहीं वर्षें गणित बाजूस पडलें. गुरूच्या पत्रांना उत्तरें जाईनाशीं झालीं. ह्या दिवसांत त्यांनीं वर्तमानपत्रांतून नाटकांवर व शास्त्रीय विषयांवर लेख लिहिले. पतीशीं नांवापुरतें असलेलें नातें आतां खरें झालें होतें; १८७८ साली त्यांना मुलगी झाली. पण दोघांनीं मिळून घरें बांधून विकण्याचा जो व्यवहार मांडला तो बुडाला. १८८० साली पीटर्सबर्ग येथें शास्त्रज्ञांची परिषद भरली, तेव्हां चेबिशेव्ह ह्यांच्या आग्रहावरून बाईंनीं आपला जुना अप्रकाशित प्रबंध एका रात्रींत जर्मनमधून रशियनमध्यें उतरवून वाचला. सहा वर्षें पडून असलेलें तें काम तरीही ताजें ठरलें. श्रोत्यांत स्वीडनचे गणितज्ञ मिताग-लेफलर होते; त्यांनीं ही बाई कोठें तरी प्राध्यापक झालीच पाहिजे असा निश्चय केला.

१८८३ च्या वसंतांत मोठा घाव पडला. एका कंपनीच्या कारभारांत गुरफटून सर्वस्व गमावलेल्या व्हॅलदिमिर ह्यांनीं निराशेच्या भरांत स्वतःच आपल्या जीवनाचा शेवट केला. त्या वेळीं बाई पॅरिस येथें होत्या. त्यांनीं अन्न वर्ज्य केलें, आणि पांचव्या दिवशीं त्यांची शुद्ध हरपली. सहाव्या दिवशीं सावध होतांच त्यांनीं कागद व शिसपेन्सिल मागितली व गणित करावयास घेतलें, असें सांगतात. दुःखाच्या महापुरांत धरावयास त्यांना हीच एक काठी होती.

त्याच वर्षाच्या अखेरीस त्या स्टॉकहोम येथें गेल्या. नव्यानें निघालेल्या तेथील विद्यालयांत १८८४ च्या आरंभीं त्यांनीं व्याख्यानें सुरू केलीं. प्रथम जर्मनमध्यें, आणि वर्षाभरांत स्वीडिश शिकून स्वीडिशमध्यें! त्याच सालीं त्यांना पांच वर्षांसाठीं प्राध्यापक नेमण्यांत आलें. स्वागत झालें तसा विरोधही झाला. नामांकित नाटककार स्ट्रिंडबर्ग ह्यांनीं, गणिताची स्त्री-प्राध्यापक म्हणजे सृष्टिक्रमाविरुद्ध उपजलेला एक विपरीत प्रकार होय, अशा आशयाचा लेख लिहिला. बाईंनीं ह्याला उत्तर दिलें तें भोंवऱ्याच्या साहाय्यानें.

भोंवरा आपल्यापैकीं कोणी फिरविला नाहीं? परंतु एका बिंदूवर टेकून फिरणाऱ्या जड पदार्थाची गति पूर्णपणें गणितांत बसविणें हें काम इतकें कठीण कीं शंभर वर्षें मोठमोठ्यांनीं त्यापुढें हात टेकले होते. दोनच प्रसंग सुटले होते. पदार्थ आपल्या गुरुत्वमध्यावरच टेकलेला असतो तो ऑयलरचा. आणि खेळण्यांतील भोंवऱ्याप्रमाणें पदार्थ सर्व बाजूंनीं सारखा असून टेकण्याचा बिंदु त्याच्या आंसावर असतो तो लाग्रांजचा. फिरवितांना पदार्थ किती अडतो त्याचें माप दोन दिशांनीं सारखें व तिसऱ्या दिशेच्या दुप्पट असलें, आणि गुरुत्वमध्य त्या दोन दिशांच्या पातळींत असला, तर तिसराही एक प्रसंग सुटतो, असें सोफियाबाईंनीं शोधून काढलें व तो सोडवून दाखविला. फ्रेंच विद्यापरिषदेनें १८८८ च्या बोर्दें पारितोषिकासाठीं हाच विषय ठेविला होता. प्रबंधावर नांव घालावयाचें नाहीं, नुसतें एक बोधवाक्य लिहावयाचें, व नांव निराळ्या बंद पाकिटांत ठेवावयाचें अशी रीत होती. आलेल्या प्रबंधांतून परीक्षकांनीं एक निवडला, आणि त्याच्या गुणांवरून पारितोषिकाची रक्कम तीन हजार फ्रँकांवरून पांच हजारांवर नेली. मग पाकीट फोडलें, तों आंत एका स्त्रीचें नांव! बंद दारांची ती एक रीत मात्र त्यांच्या फारच उपयोगी पडली, असें म्हणण्याचा मोह आम्हांस आवरत नाहीं.

१८८९ साली स्टॉकहोमची जागा कायमची झाली. चेबिशेव्ह प्रभृतींच्या खटपटीनें रशियाच्या विद्यापरिषदेनें आपला नियम बदलून त्यांना बाहेरगांवच्या सभासद म्हणून निवडलें. तरी पुढें त्या पीटर्सबर्गला गेल्या तेव्हां, स्त्रियांनीं सभेस बसण्याचा प्रघात नाहीं, असेंच उत्तर त्यांस मिळालें. आणि मायदेशांत प्राध्यापकाची जागा तर त्यांना कधींच मिळाली नाहीं.

ज्या वर्षांत हा गणिताचा पराक्रम झाला त्याच वर्षांत बाईंची लेखणीही चालू होती, हें ध्यानांत घेण्यासारखें आहे. मिताग-लेफलर ह्यांची बहीण ॲन शार्लोट लेफलर ही लेखिका त्यांची जिवलग मैत्रीण. दोघींनीं मिळून १८८७ साली एक जोडनाटक प्रसिद्ध केलें. त्याच्या एका भागांत कांहीं माणसांचें आयुष्य जसें घडलें तसें दाखविलें आहे, आणि दुसऱ्यांत तेंच, थोडें निराळें वळण मिळतें तर, कसें घडलें असतें तें. ही कल्पना सुचावयास कलन-समीकरणें सोडविणारेंच डोकें हवें! आरंभींच्या अटींत किंचित् फरक झाला तर उत्तर कोठल्या कोठें जातें, हें त्यांना रोजच्या कामांत दिसत होतें. १८८९ साली त्यांच्या बालपणाच्या आठवणी प्रथम स्वीडिशमध्यें कादंबरीच्या रूपानें निघाल्या, व पुढल्याच वर्षीं रशियनमध्यें आत्मवृत्त म्हणून छापल्या गेल्या. पालिबिनोचा वाडा, कठोर इंग्रज शिक्षिका, चुलत्यांच्या गोष्टी, आणि ती कागद चिकटविलेली भिंत, हें सारें त्या पुस्तकांत जिवंत झालें आहे. क्रांतिकारकांसाठीं आपलें सर्वस्व देणाऱ्या एका तरुणीवर लिहिलेली त्यांची कादंबरी त्यांच्या मृत्यूनंतर, १८९२ साली प्रसिद्ध झाली. ह्या दोन विद्या आपणांस एकत्र कशा साधतात असें लोक विचारीत. त्यावर त्यांचें म्हणणें असें होतें कीं, गणिताला कोरडें समजणारे लोक गणित आणि अंकगणित ह्यांची गल्लत करतात. इतरांना जें दिसत नाहीं तें पाहणें हेंच कवीचें काम व तेंच गणित्याचेंही. दोहोंपैकीं आपला खरा ओढा कशाकडे, हें मात्र त्यांना स्वतःलाही शेवटपर्यंत सांगतां आलें नाहीं.

१८९० च्या नाताळांत त्या दक्षिण फ्रान्समध्यें गेल्या होत्या. परततांना कोपनहेगनमध्यें देवीची सांथ असल्याचें ऐकून त्यांनीं आडवाटेनें, वारंवार गाडी बदलीत, प्रवास केला. हमालाला द्यावयास डॅनिश सुटें नाणें जवळ नव्हतें, म्हणून थंडीपावसांत स्वतःच सामान वाहिलें. स्टॉकहोमला पोंचल्या त्या ताप घेऊनच. तरीही त्यांनीं व्याख्यान चुकविलें नाहीं. १० फेब्रुवारी १८९१ रोजीं फुप्फुसाच्या विकारानें त्यांचा अंत झाला; मुलगी तेव्हां बारा वर्षांची होती. त्यांची समाधि स्टॉकहोमजवळच आहे.

ह्या चरित्रावरून कोणी असें म्हणेल कीं, खरी बुद्धि कोणत्याही अडचणींतून वाट काढतेच, तेव्हां दारें बंद असलीं म्हणून काय बिघडलें? आम्हांस हें मान्य नाहीं. पदवीनंतरचीं जीं वर्षें सोफियाबाईंना गणितावांचून काढावीं लागलीं तीं पुनः कोणीं भरून दिलीं नाहींत. आणि ज्यांना भेटावयास तिर्तोव्ह, वायरश्ट्रास किंवा मिताग-लेफलर आले नाहींत, अशा किती मुली त्याच दारांपुढून मुकाट्यानें परत गेल्या असतील, त्यांचीं चरित्रें लिहावयास कोणापाशीं साधन आहे? ज्याच्या हातीं एखाद्या दाराची कडी असेल त्यानें ह्या तिघांची आठवण ठेवावी.

आणि आपण विद्यार्थ्यांनीं आठवण ठेवावी ती त्या खोलींतील मुलीची. भिंतीवरचें एक अक्षरही तिला समजत नव्हतें, तरी ती तेथून हलली नाहीं. उद्यां गणिताच्या तासाला फळ्यावरील चिन्हें पाहून आपला जीव घाबरा झाला, किंवा एखादी कविता कांहीं केल्या उलगडेना, तर पुस्तक मिटण्यापूर्वीं थोडा वेळ त्यापुढें उभें राहून पाहावें, इतकीच आमची आपल्या सोबत्यांना विनंति आहे.